आवाज काढा, तोंड ठेवा

तुमच्या घरातला, भावकीतला किंवा शेजारचा जो माणूस आखातात कामाला आहे, त्याचा कामाच्या कपड्यांतला एक तरी फोटो तुमच्याकडे आहे का? मोबाइल उघडून बघा. उंच इमारतीसमोरचा असेल, मॉलमधल्या कारंज्यापाशी असेल, दुसऱ्याच्या गाडीला टेकून गॉगल लावलेला असेल. धुळीने पांढऱ्या झालेल्या भुवया आणि चिकटपट्टीने मनगटाला बांधलेल्या बाह्या, असा फोटो बहुतेक नसेल. मी काही वर्षं दुबईत कॅमेऱ्याच्या कामावर आहे. लेबर कॅम्पांत, गोदामांत, होड्यांच्या कारखान्यांत शूटिंग केलंय. तसा फोटो घरी पाठवणारा माणूस मला अजून भेटलेला नाही.

माझ्या कामाला फोकस पुलर म्हणतात. कॅमेऱ्याच्या भिंगावर एक कडं असतं. समोरचा माणूस चार बोटं पुढे झुकला की ते कडं तितकंच फिरवायचं, नाहीतर त्याचे डोळे धूसर होतात आणि नाक स्पष्ट राहतं. फ्रेम कशी लावायची, उजेड कुठून घ्यायचा हे सिनेमॅटोग्राफर ठरवतो. मी फक्त डोळे सांभाळते. काम चोख झालं तर मी होते हे कोणाला कळत नाही. चुकलं तर पहिल्या रांगेपासून शेवटच्या रांगेपर्यंत सगळ्यांना कळतं.

मी इचलकरंजीची. आई अंगणवाडी सेविका, संघटनेत पुढे. आमच्या घरी पत्रकांचे गठ्ठे पलंगाखाली असत आणि माझी अक्षरओळख त्यांच्यावरच झाली. ‘मागण्या’ हा शब्द मला ‘मामा’च्या आधी वाचता यायचा. सुट्टीत घड्या घालायचं काम माझं. त्यामुळे पुण्यात कॅमेऱ्याचा कोर्स करून मावशीकडे दुबईतल्या डिस्कव्हरी गार्डन्स वस्तीत आले आणि कामाला लागले, तेव्हा मला वाटायचं की जगातल्या सगळ्या गोष्टी एका पानावर, पाठपोट, ठळक अक्षरांत सांगता येतात.

देस्पिना मला जबल अली बंदरातल्या एका गोदामात भेटली. एका मालवाहतूक कंपनीची जाहिरातवजा फिल्म होती. देस्पिना ग्रीक. साठीच्या आसपासची, पांढरे केस बारीक कापलेले, कमरेला पट्टा बांधून कॅमेरा स्वतः उचलणारी. तिचे वडील अथेन्सजवळच्या बंदरात जहाजं दुरुस्त करायचे आणि संपात पुढे असायचे. तिने आयुष्यभर बंदरातले कामगार, शेतात राबणारे परदेशी मजूर, बंद पडलेले कारखाने यांच्यावर माहितीपट केले. अशा फिल्मांवर पोट भरत नाही. म्हणून मधूनमधून ती कंपन्यांची कामं घ्यायची आणि त्या पैशांतून स्वतःची फिल्म पुढे न्यायची. त्या दिवशी गोदामाच्या मॅनेजरने तिथल्या माणसांना नवेकोरे, घड्या न मोडलेले कव्हरऑल, म्हणजे कामाचे अंगभर कपडे, घालून रांगेत उभं केलं होतं. “स्माइल, हबीबी, स्माइल!” तो ओरडत होता. देस्पिनाने शूट उरकलं. गाडीत बसल्यावर मला म्हणाली, “आज आपण कपड्यांची फिल्म केली. माणसं आली नव्हती.”

तिच्या स्वतःच्या फिल्मला फोकस पुलर हवा होता आणि हिंदी-मराठी बोलणारं कोणीतरी हवं होतं. मी एका पगारात दोन्ही झाले.

ती फिल्म दुबईपासून तासाभरावरच्या उम्म अल कुवैनमधल्या एका कारखान्यात चालली होती. तिथे फायबरच्या होड्या बनतात. साच्यात काचतंतूंचं कापड अंथरून त्यावर राळ ओततात, सुकली की बाहेर काढून घासतात. घासताना जी धूळ उडते ती कातडीत शिरते आणि खाजते. घासणारी माणसं बहुतेक आपली, कोकणातली. मालकाने रीतसर परवानगी दिली होती, परवान्यात विषय लिहिला होता ‘बोटी बांधणारे कारागीर’. इथे परवान्याशिवाय कॅमेरा काढता येत नाही, आणि ज्याला चित्रित करायचं त्याला विचारल्याशिवाय तर अजिबात नाही. देस्पिना परवाना मिळाल्यावरही प्रत्येकाला वेगळं विचारायची आणि एक वाक्य मला प्रत्येकापुढे भाषांतरित करायला लावायची: “तुम्ही आज हो म्हणालात, तरी फिल्म पुरी होईपर्यंत कधीही नाही म्हणू शकता. कागदावर सही केली असली तरी.”

फिल्मला पैसे देणाऱ्यांना हे वाक्य आवडायचं नाही. मलाही आवडायचं नाही. आमच्या घरी निवेदनावर सही केली की केली.

उन्हाळा संपता संपता शूटिंग सुरू झालं. आखातातल्या हवेत कॅमेऱ्याचे दोन हाल असतात. गाडीच्या एसीतून बाहेर काढला की भिंगाला घाम फुटतो, म्हणून तो आधीच बाहेर काढून हवेला सरावू द्यावा लागतो. आणि ऊन फार झालं की तो आतून तापतो, पडद्यावर तापमापकाचं चिन्ह येतं आणि स्वतःला बंद करून घेतो. म्हणून त्याच्यावर छत्री धरायची पद्धत आहे. पहिल्या दिवशी मी छत्री उघडली. देस्पिनाने माझ्या हातातून घेतली आणि समोर होडी घासणाऱ्या माणसाच्या डोक्यावर नेऊन धरली.

“मॅडम, छत्री कॅमेऱ्याला हाय,” तो माणूस मशीन बंद करून म्हणाला.

“कॅमेरा तापला की बंद पडतो,” ती इंग्रजीत म्हणाली, मी मराठीत. “तुम्ही तापलात की काय होतं?”

“आम्ही चालू ऱ्हातो,” तो म्हणाला. सगळे हसले.

हा दशरथ. नाव मी बदललंय, गाव सांगणार नाही. चाळिशीचा, उंच, बोलताना मान किंचित तिरकी करणारा. तिरकी मान म्हणजे फोकस पुलरला डोकेदुखी, कारण एक डोळा पुढे आणि एक मागे. ह्या माणसाने देस्पिनाचं नाव दीपा मॅडम करून टाकलं. ती सारखं “सिगा-सिगा” म्हणायची, ग्रीकमध्ये म्हणजे हळूहळू. आठवडाभरात सगळा कारखाना “सिगा, सिगा” म्हणत होड्या सरकवायला लागला. फोरमन अनंतभाऊ मागून “यल्ला, यल्ला”, म्हणजे अरबीत ‘चला, आटपा’, ओरडायचे आणि माणसं त्यांना तोंडावर “सिगा, भाऊ” म्हणायची.

अनंतभाऊ दशरथच्या शेजारच्या वाडीतले. कारखान्यातल्या निम्म्या माणसांना त्यांनीच गावाहून आणलेलं. कोणाच्या लग्नात कोण नाचलं, कोणाचं घर कोणत्या गवंड्याने बांधलं, सगळं त्यांना ठाऊक. दशरथची व्हिसाची मुदत संपत आली होती आणि पुढच्या मुदतीसाठी वरच्या हापिसात नाव पाठवणारे तेच.

दशरथने एक दिवस आपण होऊन सांगितलं, “मला बोलायचं हाय. पण हितं नाय.”

म्हणून सुट्टीच्या दिवशी मावशीच्या घरी मुलाखत ठरली. दिवे, वायरी, उजेड परतवायचा थर्माकोल असं सामान आत घेतानाच मावशीने फर्मावलं, “चपला बाहेर. वायरी देवघरापासून लांब. आणि तो पांढरा थर्माकोल माझ्या सोफ्यावर टेकवू नका, कण पडतात.” मग तिने सगळ्यांसाठी साबुदाण्याची खिचडी केली, कारण तिची चतुर्थी होती आणि तिच्या मते शूटिंगलाही ती चालते.

दशरथ आला तो इस्त्रीचा निळा शर्ट घालून. केसांना कलप, मिश्या कातरलेल्या, अत्तर इतकं की मावशीने खिडकी उघडली. मी हबकले. मला तो कामावरच्या अवतारात हवा होता. त्याचे हात, ती धूळ, ते लाल झालेले डोळे. मी देस्पिनाला बाजूला घेऊन म्हटलं, “ह्याला कव्हरऑल घालायला सांगूया. बॅगेत आहे त्याच्या. हा तर लग्नाला आल्यासारखा दिसतोय.”

“जबल अलीत मॅनेजरने कपडे घातले होते,” ती म्हणाली. “आज तू घालणार?”

“मॅनेजर खोटं दाखवत होता. मी खरं दाखवतेय.”

“त्यालाही तेच वाटत होतं. हा शर्ट ह्याने स्वतः निवडलाय. आज बोलायचंय म्हणून निवडलाय.”

मला पटलं नाही. पण कॅमेरा तिचा होता.

तिची एक सवय सांगते. ती पहिला प्रश्न विचारायच्या बऱ्याच आधी कॅमेरा चालू करायची. “तयार?” वगैरे काही नाही. माणूस खुर्चीत बसतो, कॉलर नीट करतो, कुठे बघायचं ते शोधतो, एकदा हसतो, मग त्याचं त्यालाच ते हसू नकोसं होतं. हे सगळं ती टिपायची. फोकस पुलरचा जीव तिथेच जातो, कारण माणूस स्थिर नसतो. दशरथ तसाच बसला. शर्टाची बाही खाली ओढून मनगटावरचे चट्टे झाकले. भिंगात सरळ पाहिलं. आणि मान सरळ ठेवली, मी पहिल्यांदाच त्याला तसं पाहत होते.

मग तो बोलला. त्याच्या खोलीतल्या एका जोडीदाराबद्दल आणि एका दुपारी घडलेल्या गोष्टीबद्दल. मावशी दारात उभी होती, ती तिथेच खाली बसली. माझ्या कामाच्या आयुष्यात इतकं साधं आणि इतकं नेमकं बोलणं मी ऐकलेलं नाही. एकही विशेषण नाही. देस्पिनाला मराठी कळत नव्हती, पण मधे मी भाषांतर करायला तोंड उघडलं तेव्हा तिने हाताने थांबवलं.

बोलून झाल्यावर त्याने खिचडी खाल्ली, दोनदा मागून घेतली. जाताना म्हणाला, “बरं वाटलं, ताई.” मी आनंदात होते. फिल्मला कणा मिळाला होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी अनंतभाऊंचा फोन आला. आवाज चढलेला नव्हता.

“ताई, काल दशरथची मुलाखत घेतलीत?”

“कोणी सांगितलं तुम्हाला?”

“कोणी म्हंजे? अख्ख्या वाडीने सांगितलं.”

झालं होतं असं. मी मुलाखतीआधी दशरथला बजावलं होतं: कारखान्यात कोणाला बोलू नका, शूटिंग चालू असताना फोन बंद ठेवा, फोटो काढू नका. त्याने तंतोतंत पाळलं. फक्त दिवे लावत असताना, मी स्वयंपाकघरात गेले तेव्हा, त्याने बायकोला व्हिडिओ कॉल करून ते दिवे, तो थर्माकोल आणि तो मोठा कॅमेरा दाखवला होता. बायको म्हणजे कारखाना नव्हे, हे त्याचं बरोबरच होतं. बायकोने त्याचा स्क्रीनशॉट काढला आणि अभिमानाने स्टेटसला टाकला: ‘आमचे हे दुबईत फिल्मच्या शूटिंगला.’ तिथून तो वाडीच्या ग्रुपवर गेला. अभिनंदनं आली, फुलं आली, एकाने विचारलं ‘हिरॉइन कोण?’ आणि त्या ग्रुपवर अनंतभाऊ होतेच, कारण ते वाडीचेच. दशरथची गोष्ट दोन भिंतींपलीकडच्या अनंतभाऊंना कळायला कोकणात जाऊन परत आली होती.

मला सगळी खबरदारी कंपनीच्या बाजूने घ्यायची माहीत होती. आपल्या माणसांत साहेब आणि शेजारी एकच असतो, हे कोणत्याही पत्रकात लिहिलेलं नव्हतं.

“भाऊ, तुम्ही वर सांगणार का?” मी विचारलं.

“मी नाय सांगणार. पण तुमचं पिक्चर बाहेर येईल तेव्हा ते सांगेल की. ताई, तुमचं पिक्चर दोन महिन्यांनी संपणार, तुम्ही दुसऱ्या पिक्चरला जाणार. ह्याचं रिन्युअल पुढच्या महिन्यात हाय. तो काय बोललाय ते मला म्हाईत नाय असं मी समजतो. पण मला अंदाज हाय. त्या दुपारी मी पण तिथंच होतो.”

फोन ठेवल्यावर मी देस्पिनाला सगळं सांगितलं. तिने एकच विचारलं, “दशरथला कधी भेटायचं?”

कारखान्याजवळच्या कॅफेटेरियात भेटलो. तिथला मल्याळी मुदलाळी, म्हणजे मालक, करक नावाचा कडक दुधाचा चहा देतो. दशरथ कामाच्या कपड्यांत होता आणि चहाला हात लावत नव्हता.

मी आधीच तोडगा घेऊन गेले होते. “आपण तुमचा चेहरा पुसू. आवाजही बदलता येतो, जाड करता येतो. कोणालाच ओळखू येणार नाही.”

“तोंड पुसायचं म्हंजे कसं? टीव्हीवर चोराचं पुसतात तसं?”

“चोराचंच असं नाही...”

“चोराचंच पुसतात, ताई. नायतर बाईची अब्रू घेतली तिचं. मी काय केलंय?”

“काही केलं नाहीये, म्हणूनच तर बोलायला हवं! तुम्ही गप्प बसलात तर पुढच्या उन्हाळ्यात आणखी कोणीतरी—”

देस्पिनाने टेबलावर बोटं वाजवली. “तो चार शब्द बोलला. तू मोठं भाषण केलंस. तो काय म्हणाला?”

मी सांगितलं. ती दशरथकडे वळून हळू इंग्रजीत म्हणाली, मी मराठीत, “तुम्ही सांगा. पहिल्या दिवशी म्हटलं होतं तेच आजही आहे.”

दशरथने कपाची कड पुसली. मग म्हणाला, “आवाज काढा. तोंड ठेवा.”

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. आमच्या धंद्यात नेहमी उलटं करतात. चेहरा लपवतात, शब्द ठेवतात. फिल्म शब्दांवर चालते.

“तोंड का ठेवायचं, दशरथदादा?”

“बायकोने वाडीत सांगितलंय मी फिल्ममध्ये हाय. आता मी नसलो तर तिला खोटारडी म्हणतील. आणि बोललेलं ठेवलं तर अनंतभाऊ तरी काय करेल? त्याला पण घर हाय.” मग माझ्याकडे बघून म्हणाला, “मी बोललो ते खोटं नाय. फक्त ते माझ्याकडं ऱ्हाऊ दे.”

मी भांडले. हे मी लपवत नाही आणि मला त्याची लाजही वाटत नाही. मी म्हटलं, जोडीदाराच्या वतीने बोलणारा दुसरा कोण आहे? मी म्हटलं, भीतीच्या बाजूने उभं राहिलं की भीतीच जिंकते. आजही मला ते वाक्य खरंच वाटतं. पण रिन्युअल माझं नव्हतं. गेलं असतं तर विमानतळावर तो उभा राहिला असता, माझं वाक्य नाही.

देस्पिनाने त्याच दिवशी त्याला मावशीच्या घरी आणलं. चित्रीकरणाच्या दोन प्रती ठेवायच्या हा आमचा पहिला नियम. एक प्रत पुसायची म्हटली तरी माझा हात अडखळतो. तिने दशरथला माझ्या शेजारी बसवलं आणि पहिल्या प्रश्नापासून पुढचं सगळं, चित्र आणि आवाज, दोन्ही प्रतींतून पुसायला सांगितलं. नुसता आवाज काढला असता तर ओठ राहिले असते, आणि ओठ वाचणारी माणसं असतात. कळ मी दाबली. दशरथ बघत होता. मावशी म्हणाली, “अगं, निदान मी ऐकलंय ते तरी कुठे पुसशील?”

उरला तो प्रश्नाआधीचा भाग. खुर्चीत बसणं, बाही ओढणं, हसणं, हसू विझणं, आणि ते सरळ पाहणं. पैसे देणाऱ्यांनी कणा गेला म्हणून पुष्कळ आरडाओरडा केला. एकाने सुचवलं, त्यावर दुसऱ्याकडून मजकूर वाचून घेऊ. देस्पिना म्हणाली, “मग दुसऱ्यालाच दाखवा.” फिल्ममध्ये तो तुकडा होड्या घासण्याच्या आवाजानंतर येतो, पूर्ण शांततेत, आणि बघणाऱ्याला अवघड व्हावं इतका लांब चालतो. त्याचे डोळे सुरुवातीपासून शेवटपर्यंत स्पष्ट आहेत. एवढं मी अभिमानाने सांगते.

दशरथचं रिन्युअल झालं. वरच्या हापिसाने फिल्मबद्दल विचारलं तेव्हा अनंतभाऊंनी सांगितलं, बोटींवर आहे, बघा पाहिजे तर. देस्पिनाने दशरथला त्याचा तुकडा मोबाइलवर दिला. बायकोने तो स्टेटसला लावला. ह्या वेळी अनंतभाऊंनी त्यावर अंगठा टाकला.

देस्पिनाच्या गावात, त्या बंदराजवळच्या एका छोट्या सभागृहात फिल्म दाखवली तेव्हा एका म्हाताऱ्या गोदी कामगाराने उठून विचारलं, “हा माणूस काहीच का बोलत नाही?” देस्पिनाने मला फोनवर सांगितलं की तिने उत्तर दिलं, “त्याला उद्या कामावर जायचंय.”

मला मात्र ते उत्तर पुरत नाही. तिच्या फिल्मने एक माणूस सांभाळला, त्याबद्दल मी तिला मानते. पण ती दुपार तशीच राहिली. त्याने जे सांगितलं ते मला शब्दन् शब्द पाठ आहे आणि ते इथे लिहायचा मला अधिकार नाही. म्हणून ह्या अंकाची पानं उलटण्याआधी तुम्हाला एक काम सांगते. आखातातल्या तुमच्या माणसाचा पुढचा कॉल येईल तेव्हा पोरांना, पाहुण्यांना खोलीबाहेर पाठवा. सुट्टीवर कधी येणार आणि येताना काय आणणार, हे दोन्ही प्रश्न त्या दिवशी नकोत. विचारा: “भर उन्हाळ्यात, दुपारी, तुम्हाला बसायला सावली देतात का? आणि नाही दिली तर तुम्ही काय करता?” तो म्हणेल, मजेत आहे. फोन ठेवू नका. पुन्हा विचारा आणि मग गप्प राहून ऐका. आणि तो जे सांगेल ते, त्याने स्वतः ‘सांगा’ म्हटल्याशिवाय, कोणालाही पाठवू नका.